बँकेचीही माफी

अहो,
संवत्सरीला फोनमधल्या झाडून साऱ्यांना ‘मिच्छामि दुक्कडम, चुकलं तर क्षमा’ पाठवून तुम्ही फुकटात पुण्य कमावणार होतात. मेसेज बँक मॅनेजरलाही गेला, आणि बँकेच्या वकिलाने तो दुकानाच्या कर्जाच्या थकबाकीची कबुली म्हणून कोर्टात लावला! आपले वकील पप्पाजींना म्हणाले, “शेठ, माफी मांगानं काय काम व्हतं?”

ही आमची रीत आहे, कबुली नव्हे, हे सांगायला मी पप्पाजींबरोबर निघालेय. दुकानाच्या जप्तीवर स्टे हवा तर आधी काही रक्कम भरावी लागेल, म्हणून बांगड्या घेतल्यात. खिचडी कुकरमध्ये आहे, सूर्यास्ताआधी जेवा.

हिशेब एवढाच: माफी साऱ्या खापर गावाची मागितलीत, बँकेचीसुद्धा, बायकोची तेवढी राहिली. आणि भरणा तिच्याच हातातल्या सोन्याचा.

चांदनी