दार उघडण्याआधीचं संगीत

सर, तुम्हाला ‘सर’ म्हटलेलं अजिबात खपायचं नाही. आता आठ्या घालायला तुम्ही नाही, तर म्हणून घेते.

आज डंडॉकला तुमच्या घरी जाऊन आले. स्वयंपाकघरातलं ते टेबल तसंच आहे. जर्मनी सोडून या आयरिश गावात आल्यावरही जर्मन टीव्हीवरच्या खुनांना तुम्ही त्याच टेबलाशी बसून संगीत देत राहिलात, आणि तिथेच मला झापलंत. पडद्यावर एक बाई दाराशी येते, आत प्रेत आहे, आणि मी तिच्या पावलांखाली चेलोचा खर्ज भरून ठेवलाय. “तिला अजून माहीत नाही,” तुम्ही म्हणालात, “मग तुझ्या चेलोला कुणी सांगितलं?” पुण्याहून आलेली मी सॉफ्टवेअरवाली, चार बटणं दाबली की भीती तयार, असा माझा समज. तुम्ही तो खर्ज पुसलात. आता दार उघडतं, ती पाहते, मग वाजवण्याआधी घेतलेला तुमचा श्वास ऐकू येतो आणि त्यामागून पहिला सूर. मी जाम घाबरले होते.

निर्मात्यांनी आता तुमचं आयुष्यभराचं काम एका यंत्राला ऐकवलंय. नव्या मालिकेला ते ‘तुमचं’ संगीत देणार, तुमच्या बायकोनं परवानगी दिली की झालं. मी त्यांना मनातल्या मनात काकूच म्हणते. नमुना ऐकायला त्यांनीच मला बोलावलं. “तोच आहे असं तू म्हणालीस, तर मी हो म्हणेन.”

मी लावलं. पुन्हा एक दार, एक माणूस. यंत्र गप्प. दार उघडलं, आणि सुराआधी कुणीतरी श्वास घेतला. फुप्फुसं नसलेल्या त्या यंत्रानं! माझ्या अंगावर काटा आला. काकू मात्र उठून दार हळूच लोटून आल्या. “श्श, तो काम करतोय.” त्यांनी कपाटातून कप काढले, तीन. “तो चहा थंडच पितो. इट्स ग्रँड, चालतं त्याला.” रोज दुपारी हे लावून बसतात म्हणे. बाहेर लख्ख ऊन होतं आणि मला तिथून पळून जावंसं वाटत होतं.

“मग? तोच ना?”

“नाही, काकू,” माझ्या तोंडून मराठीच निघालं. मग इंग्रजीत म्हणाले, “हा तो नाही.” त्यांचा चेहरा पडला. त्यांनी लॅपटॉप मिटला आणि एक कप परत कपाटात ठेवला.

स्वोर्ड्सला माझ्या घरी येईपर्यंत मी गाडीत काहीच लावलं नाही. हे पत्र कुठे पाठवणार? पण तुम्हाला सांगते, काकूंना नाही. उत्तर देण्याआधी ते संगीत मी तिथेच पुन्हा पुन्हा लावून ऐकलं होतं. मला फरक सापडला नाही, सर.