मंदाला हाक मारली होती

१२ जाने.
अमरावतीच्या कोर्टाची तारीख. सुरेशभाऊजी नि मी पहिल्या एसटीने गेलो. जज्जसाहेब रजेवर. पुढची तारीख घेतली नि परत. भाऊजी एवढंच म्हणाले, "आपले दोन माणसं गेले, वैनी, अन् या साहेबाच्या रजाच सरत नाही." झेंडू आज तोडायचा होता, राहिला.

९ फेब्रु.
वीज कंपनीचा लेखी जबाब वकिलांनी वाचून दाखवला. म्हणे आमच्या ह्यांनी आकडा टाकला होता, म्हणून तार तुटली. घरी मीटर, शेतात मीटर, आकडा कशाला टाकतील? तार वादळात तुटून झेंडूत पडली. हे पाणी द्यायला गेले, पाय पडला. माझी जाऊ, भाऊजींची मंदा, त्यांना ओढायला धावली. तीही.
गेलेल्या माणसावर चोरी लावतात.

२ मार्च
वायरमनकडे गेलो. गावातलाच, भाऊजींच्या लग्नात पंगतीत वाढायला होता. "तार लोंबून राहिली असं तुमच्या दादानं मले सांगितलं होतं. खोटं नाही बोलत. मी वर कळवलंबी. पण कोर्टात नका बोलावू, कंत्राटी माणूस आहो, काढून टाकतीन." भाऊजींनी हात जोडले. त्यानेही जोडले. काय करणार, निघालो.

२४ मार्च
माझी उलटतपासणी. कंपनीचा वकील अगदी हळू आवाजात विचारतो.
कुठे होत्या? धुऱ्यावर, शेताच्या बांधाशी. मंदाबाईंना थांबवलं नाही? ओरडले. काय ओरडलात? शब्द आठवेनात. "म्हणजे ओरडलात हेही नक्की नाही."
मग म्हणाला, "तुम्हाला मात्र काहीच झालं नाही."
हा काही प्रश्न नव्हता. आमचे वकील उठले, हरकत घेतली. पण सगळे माझ्याकडेच पाहत होते. भाऊजीसुद्धा.
परतीच्या बसमध्ये ते पुढच्या सीटवर जाऊन बसले.

२५ मार्च
भाऊजी जेवले नाहीत. भांडी घासताना मागे येऊन उभे राहिले.
"वैनी, तुमी खरंच हाक मारली होती ना?"
"हो."
"मंग तिनं ऐकलं काहून नाही?"
मारली होती. नाव घेऊन मारली होती. मंदाने मागे पाहिलंच नाही, आता हे कोणाला सांगू…

१८ एप्रिल
भाऊजी अकोल्याला गेले, मंदाच्या माहेरी. तिथे डाळ मिलमध्ये काम मिळतंय. लेकीला, परीला, घेऊन गेले. पोरगी माझा पदर सोडेना. भाऊजींनी बोटं सोडवली, माझ्याकडे न बघता. तारखांचं विचारलं तर, "तुमीच जा."

१६ जून
एकटीच गेले. जुन्या साहेबांची बदली. वायरमनला समन्स होतं, आला नाही. वकील म्हणतात, कंपनी तडजोडीला तयार आहे, पण कंपनीची चूक नाही असं लिहून मागते. माझी नि भाऊजींची, दोघांच्या सह्या लागतील. सही केली तर ह्यांच्या नावाला लागलेली चोरी तशीच राहणार. आणि नाही म्हटलं तर अजून किती वर्षं.
भाऊजींना फोन केला. परीने उचलला.
"मोठीआई, बाबा म्हणते का ते घरी नाही."
मागून भाऊजींचा खोकला ऐकू आला.
बरं म्हटलं. ती नव्या शाळेचं सांगत राहिली, मी ऐकत राहिले.