बारा पावलांची सावली

१५ फेब्रुवारी

परवाच्या पानावर चूक आहे. ‘चार मिनिटांची फिल्म एका दमात घेतली’ असं लिहिलंय. नाही. दोन दमांत! मध्येच एडक्याने ट्रायपॉडला धडक दिली. मोबाईल तापला तो वेगळाच. उरलेलं तासाभराने घेतलं. आत्याची सावली लिंबाच्या सावलीत शिरते, पडदा काळा होतो — तिथे सांधलं. फिल्मभर माणूस दिसतच नाही, जमिनीवर नुसती सावली चालते. कुणाला कळणार?

फिल्म मंडळाचा नियम एकच: कट निघाला की फिल्म बाद. पण स्वतःच्या वहीत कशाला खोटं लिहिलं मी!

१६ फेब्रुवारी

निवड झाली! शनिवारी सोलापुरात दाखवणार. मंडळाचे गुरुराज सर फोनवर — “काय पेशन्स गं तुझा! एकही कट नाही!”

“हो सर,” म्हणाले.

१७ फेब्रुवारी

जेवले नाही. मग जेवले.

१८ फेब्रुवारी

नातेपुत्याला घरी. मायाक्का आत्याला मोबाईलवर फिल्म दाखवली. लिंबापर्यंत खूश. मग — “थांब. मागं घे.”

“काय झालं?”

“हितं माजी सावली बारा पावलं. लिंबाखालनं भायेर आले तर आठच! मदी निजले व्हय मी?”

अप्पा हसता हसता खोकले. “मेंढरं बी तेवढ्यात पाणी पिऊन आली आसतील की!”

घड्याळ कळायच्या आधी अप्पांनीच मला अंगणात सावली पावलांनी मोजायला शिकवलं होतं. आणि एडिट करताना मला दिसलं नाही! की दिसलं होतं?

सगळं सांगून टाकलं. नियम, सर, ‘हो सर’. आत्याने भाकऱ्या दोन जास्त वाढल्या.

१९ फेब्रुवारी

सोलापूर. सरांना तीनदा मेसेज लिहिला. तीनदा पुसला. चौथ्यांदा ‘शुभ सकाळ सर’ एवढंच गेलं. दुपारी दोन वाजता!

२० फेब्रुवारी

आत्याचा फोन. उद्या एसटीने येतेय, नवं लुगडं नेसून. “तुज्या सरानं इचारलं तर सांगते, एका दमातच चालले म्हनून. सावलीचं खोटं कदी बोलले न्हाय, पन तुज्यासाठी बोलीन की.”

नाही. शनिवार, २१ फेब्रुवारी, संध्याकाळी पाच. सभागृहातले दिवे मालवायच्या आधी मी उठून सांगणार.