फोटोमायक्रोग्राफखालचं नाव

अब्बा, तुमच्याशी मी जन्मात कधी मराठीत बोलले नाही. घरात आपली हिंदी, दुकानात गिऱ्हाइकांशी तुमची वऱ्हाडी, आणि मी कॉलेजातून आणलेली पुस्तकी मराठी दारातच चपलांजवळ काढून ठेवायची. पण गेले दोन महिने मी तुमच्यावरून भांडते आहे, ते सगळं भांडण मराठीत झालं, म्हणून हेही मराठीतच लिहिते. तुम्हाला जाऊन एकोणीस वर्षं झाली. तुम्ही असतात तर हे भांडण होऊच दिलं नसतं. "छोड ना बेटा," म्हणाला असतात आणि चष्मा पुसत बसला असतात. नाही सोडलं मी. आधीच सांगून टाकते, मला त्याचा पस्तावा नाही.

झालं असं, की आमच्या कॉलेजच्या वर्धापनदिनासाठी सरांचं पुस्तक पुन्हा छापायचं ठरलं. सर म्हणजे माझे वनस्पतिशास्त्राचे सर, तुमचे शुक्रवारचे सर. तेही गेलेच आता. कापूस, तूर, ज्वारी आतून कशी दिसतात ते सांगणारं त्यांचं ते पुस्तक, मागे चकचकीत कागदावर चित्रांची सोळा पानं. पुस्तक समितीचे अध्यक्ष सरांचेच विद्यार्थी, मला पाच वर्षं सीनियर, विभागप्रमुख होऊन निवृत्त झालेले. त्यांचा फोन आला, की जुन्या पुस्तकावरून चित्रं घेतली तर धुरकट येतात, मूळ निगेटिव्ह तुमच्याकडे आहेत असं ऐकतो. आहेत म्हटलं, कपाटात, बिस्किटाच्या डब्यात, एकेक कागदात गुंडाळून. खुशाल न्या. फक्त प्रत्येक चित्राखाली ते काढणाऱ्याचं, म्हणजे माझ्या अब्बांचं, नाव आलं पाहिजे. ते हसले. मला वाटलं फोन नीट लागला नाही, म्हणून मी पुन्हा सांगितलं. ते पुन्हा हसले.

त्या हसण्यानं मला तो पहिला शुक्रवार आठवला. नमाजनंतर आपला फोटो स्टुडिओ बंद असायचा. यवतमाळच्या बसस्टँडजवळचं ते एवढंसं दुकान, त्यावर हाताने रंगवलेली पाटी. सर आदल्या दिवशी पासपोर्ट फोटोसाठी आले होते आणि तुमचा तो लाकडी स्टँडचा, भात्याचा कॅमेरा बघून त्यांनी विचारलं होतं, की याचा डोळा आमच्या सूक्ष्मदर्शीला लावता येईल का. तुम्ही सूक्ष्मदर्शी जन्मात पाहिलेला नव्हता, तरी हो म्हणून बसलात. मी तेव्हा बी.एस्सी.च्या पहिल्या वर्षाला, मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. प्रयोगशाळेत तुम्ही टोपी काढून बाजूला ठेवली आणि नळीत डोळा घातला. खाली कापसाच्या खोडाची, सॅफ्रनिनने लाल केलेली पातळ चकती. तुम्ही नळीला चिकटूनच राहिलात. सर माझ्याकडे बघतात, मी सरांकडे. मग तुम्ही डोळा न काढताच म्हणालात, माशाअल्लाह, ये तो जाली है. सरांना ते इतकं आवडलं, की पुढे वर्गात ते तसंच शिकवायचे.

त्यानंतरचे किती शुक्रवार गेले, मी मोजले नाहीत. सूक्ष्मदर्शी मानेतून आडवा केला, कॅमेऱ्याचं भिंग काढलं, आणि दोघांच्या मध्ये पावडरच्या डब्याचा पत्रा वळवून नळी केली. आत उजेड चमकू नये म्हणून तिला अम्मीच्या जुन्या बुरख्याचं काळं कापड चिकटवलं. अम्मी चार दिवस तुमच्याशी धड बोलली नाही. रस्त्यावरून ट्रक गेला की टेबल थरथरायचं आणि चित्र हलायचं, म्हणून तुम्ही दिव्यासमोर काळा पुठ्ठा धरायचात, ट्रक जाऊ द्यायचात, मग पुठ्ठा काढून मनातल्या मनात आकडे म्हणायचात आणि पुन्हा धरायचात. लाल रंग फिल्मवर फिका येतो म्हणून लग्नाच्या लाइटवरचा हिरवा जिलेटिन कागद कापून तुम्ही दिव्यापुढे लावलात, आणि ती लाल जाळी एकदम काळीभोर उमटली. हे तुम्हाला कुणी शिकवलं नव्हतं. सरांनाही माहीत नव्हतं. सर माझ्यासमोर म्हणाले होते, की हे मले सुचलं नसतं, फोटोवाले.

तो शब्द सरांनी तेव्हाच सांगितला. फोटोमायक्रोग्राफ. म्हणाले, याला नुसता फोटो म्हणू नका, आणि मायक्रोफोटोग्राफ तर मुळीच म्हणू नका, पुष्कळ शिकलेली माणसं इथेच घसरतात. डोळ्याला न दिसणारी बारीक वस्तू सूक्ष्मदर्शीतून मोठी करून टिपली, तर तो फोटोमायक्रोग्राफ. उलट मोठी वस्तू नखाएवढी बारीक करून टिपली, की ती भिंगाखाली धरूनच वाचावी लागते, तर तो मायक्रोफोटोग्राफ. पुस्तकाचं अख्खं पान फिल्मच्या ठिपक्यात बसवतात तसा. तुम्ही गंभीरपणे ऐकून घेतलंत आणि म्हणालात, म्हंजे सर, मी आजवर पासपोर्ट साइज काढून राह्यलो ते दुसऱ्या नंबरचं काम झालं. सर खुर्चीत मागे रेलून हसले. चित्राखाली काय लिहायचं तेही त्यांनी तुम्हाला शिकवलं. कशाचा छेद, कोणता रंग, किती पट मोठं. हे तीन नसतील तर तो फोटोमायक्रोग्राफ नाही, भिंतीवर लावायची नक्षी आहे. तुम्ही ते निगेटिव्हच्या कागदांवर उर्दूत लिहून ठेवलंत. मी ते अजून वाचते.

आणि मग ती चूक. कापसाच्या पानाचा छेद होता. तुम्ही घरी निगेटिव्ह धुतली, उजेडाला धरली, आणि तिच्यावर जागोजागी डाग दिसले. नवरीच्या चेहऱ्यावरच्या पुटकुळ्या घालवता तसे तुम्ही टोकदार पेन्सिलीने ते सगळे भरून काढलेत. दोन दिवस खपलात. प्रिंट अशी स्वच्छ आली की तुम्ही ती रुमालात गुंडाळून नेलीत. सरांनी पाहिली, भिंगातून पाहिली, आणि त्यांचा चेहरा उतरला. ते डाग म्हणजे कापसाच्या काळ्या ग्रंथी होत्या. पान कापसाचं आहे हे ज्यावरून ओळखायचं, नेमकं तेच तुम्ही पुसून टाकलं होतं. सर साऱ्या वर्गासमोर म्हणाले, "फोटोवाले, ही नवरी नाही. तिच्या गालावरचा तीळच पाहिजे होता मले." पोरं फिदीफिदी हसली. तुम्ही मान खाली घालून प्रिंट परत रुमालात गुंडाळलीत.

त्या दिवसापासून एक गोष्ट बदलली आणि ती माझ्याशिवाय कुणाला कळली नाही. आपल्या दुकानातून बाहेर पडणाऱ्या प्रत्येक फोटोच्या मागे तुम्ही आपल्या नावाचा जांभळा शिक्का मारायचात. तहसीलच्या अर्जाला लागणाऱ्या एवढ्याशा फोटोवरही. सरांच्या चित्रांवर आधी मारायचात, नंतर बंद केलंत. मी विचारलं क्यूं, तर म्हणालात, ये अपना काम नहीं, सर का है, अपन तो बस पुठ्ठा हटाते हैं. ते पान तुम्ही पुन्हा काढलंत, पेन्सिल न लावता. पुस्तकातलं सर्वांत सुंदर चित्र तेच आहे. पुस्तक छापून आलं तेव्हा मी ते मागून पुढे, पुढून मागे तीनदा चाळलं. छेद होता, रंग होता, चारशे पट होतं. तुम्ही कुठेच नव्हता. मी सरांकडे जायला निघाले तर तुम्ही माझा हात धरलात. फोटो साफ आया ना, बस, म्हणालात. मी तेव्हा गप्प बसले, आणि त्या गप्प बसण्याचा मला आजवर राग आहे. सरांचा नाही, तुमचा. हे तोंडावर बोलायची माझी हिंमत नव्हती, आता बोलते. सरांच्या चित्रांवरचा शिक्का तुम्ही थांबवलात तो नम्रपणा नव्हता अब्बा, ती शरम होती. चार पोरं हसली म्हणून तुम्ही आपल्या सगळ्या कामावरचा हक्क सोडून दिलात, आणि वरून मला सांगितलंत की ते तुमचं नव्हतंच.

समितीची बैठक झाली तेव्हा हे सगळं माझ्या डोक्यात होतं. अध्यक्ष शांतपणे समजावत होते, काहून वाद घालून राह्यल्या मॅडम, तुम्ही स्वतः जीवशास्त्र शिकवता. फोटोमायक्रोग्राफ म्हणजे काही फोटो नव्हे, तो पुरावा असतो. छेद सरांनी घेतला, रंग सरांनी दिला, काय बघायचं ते सरांनी ठरवलं. बटन कोणी दाबलं हे कोण लिहितं? मी म्हटलं, बटन नव्हतंच त्या कॅमेऱ्याला. आणि तुम्ही शब्दावरच आलात तर या, शब्दच उलगडू. फोटो म्हणजे प्रकाश, मायक्रो म्हणजे सूक्ष्म, ग्राफ म्हणजे लिहिणं, रेखणं. सूक्ष्म सरांचं. ते मी कुणाला नाकारू देणार नाही. पण प्रकाश कुणी आणला? हिरवा कागद कुणी लावला? फिल्मवर लिहिलं कुणी? तीनातले दोन माझ्या अब्बांचे आहेत. नुसती काच रंगवून ठेवली असती तर आज तुम्ही छापणार काय होतात? खोलीतले सगळे माझ्याकडे बघायला लागले. माझा आवाज चढला होता, चढू दिला मी.

मग तडजोड आली. सुरुवातीच्या आभाराच्या पानावर, चहापाणी आणि टंकलेखन यांच्या ओळीत, "एका स्थानिक छायाचित्रकाराचे सहकार्य" असं टाकू म्हणाले. एका! मी उठले. निगेटिव्ह मिळणार नाहीत म्हटलं, काढा इंटरनेटवरून कुठल्या तरी अमेरिकन कापसाची चित्रं आणि छापा. आणि दारापर्यंत गेल्यावर वळून सांगितलं, की अब्बांनी दवाखान्यात शेवटच्या दिवशी माझा हात धरून एकच मागितलं होतं. माझं नाव त्या पानांखाली येऊ दे. एवढंच. अध्यक्षांनी चष्मा काढला. टेबलावर ठेवला आणि म्हणाले, "मग हे आधी सांगायचं न मॅडम. मेलेल्या माणसाचा शब्द कोण मोडते?"

काल मुद्रितं आली. कापसाच्या पानाचा आडवा छेद, सॅफ्रनिन, गुणिले चारशे, आणि पुढे तुमचं पूर्ण नाव, यवतमाळ. सोळाही पानांवर. आमच्या प्रयोगशाळेत हल्ली पोरी मोबाइलच नळीवर टेकवतात आणि टचकन चित्र काढतात. मी त्यांना तीनाऐवजी चार गोष्टी लिहायला लावते, चौथं त्यांचं स्वतःचं नाव. नाही लिहिलं तर वही परत. एक पोरगी म्हणाली, मॅडम पुस्तकात तर तीनच सांगतात. मी म्हटलं, या वर्षीचं पुस्तक येऊ दे.

हे पत्र कुठे टाकायचं नाही, कुणाला दाखवायचं नाही, अध्यक्षांना तर नाहीच. दवाखान्यात तुम्ही माझा हात धरला होता हे खरं आहे. पण नावाबद्दल तुम्ही अवाक्षर काढलं नव्हतं. तुम्ही म्हणाला होतात, "वो निगेटिव्ह कॉलेज में दे देना. सर के हैं." मी हो म्हटलं आणि एकोणीस वर्षं दिल्या नाहीत. आणि दिल्या त्या दिवशी, तुम्ही जे कधीच मागितलं नसतं ते तुमच्या तोंडी घालून दिल्या. खोटं बोलले मी, अब्बा. कुणी पुन्हा विचारलं, तर पुन्हा तेच सांगेन.