माझा आजार बाराव्या कुळात घेणेबाबत

प्रति,
मा. जिल्हा शल्यचिकित्सक साहेब,
जिल्हा रुग्णालय, हिंगोली.

विषय : शिबिराच्या कार्डावरील 'मानसिक' ही नोंद रद्द करून माझा आजार मीठवाहक प्रथिनांच्या कुळात धरणेबाबत.
संदर्भ : नांदेडच्या डॉक्टर मॅडमचा तपासणी अहवाल.

महोदय,

१) अर्जदार मी, रागिणी संतराम गडदे, डोंगरकड्याजवळच्या वस्तीवर राहते. आमची मेंढरं आहेत. त्यांच्यासाठी सपाट दगडावर खडेमीठ टाकलेले असते. ते मी मेंढरांत बसून चाटताना सासूबाई कौशल्याबाई यांनी पाहिले. हे खरे आहे, नाकारत नाही. हातपाय वळत होते आणि जीव मिठासाठी कासावीस झाला होता.

२) पुढे एका खाजगी संस्थेचे शिबिर भरले. कार्डावर बीपी, शुगर आणि मानसिक एवढेच रकाने. सासूबाईंनी दगडाची हकिकत तिखटमीठ लावून सांगितली, लिहिणाऱ्या पोरीने 'मानसिक'वर खूण केली. झालं! तेव्हापासून माझे ताट वेगळे.

३) नंतर भाऊ हनुमान मला नांदेडला घेऊन गेला. तिथल्या मॅडमनी समजावले, की पेशीच्या पातळ पडद्यात ने-आण करणारी प्रथिने असतात आणि शास्त्रज्ञांनी त्यांची भावकीसारखी कुळे लावली आहेत. काही नुसती उघडी दारे, काही ताकद खर्चून ढकलणारे पंप, काही वाहक. माझे बिघडलेले प्रथिन वाहकांच्या बाराव्या कुळातले तिसरे. मूत्रपिंडातून मीठ परत रक्तात ओढायचे त्याचे काम, ते करत नाही, म्हणून मीठ लघवीवाटे जाते. गोळ्या दिल्या आणि मीठ खात जा म्हणाल्या. मी बारावी सायन्स शिकलेली आहे, मला बराबर समजले. दवाखान्यातच रडले, आनंदाने. येडी न्हाई ना मी!

४) घरी सांगितले. सासूबाई म्हणाल्या, कार्डावर शिक्का हाय, तुझा कागद इंग्रजी. मालक उठून मेंढरं मोजायला गेले, त्यांचा मला फार राग येतो. सगळे चुलीपाशी जेवतात, मी ओट्यावर. लागण होईल म्हणून लेकरांना माझ्याजवळ बसू देत नाहीत. मिठाचा डबा कुलपात असतो, आणि दिवेलागणीनंतर आमच्याकडे शेजारीही मीठ देत नाहीत. दिवाळीनंतर सगळे कळप घेऊन निघतील. मला एकटीला घर राखायला ठेवायचे ठरले आहे.

५) तरी आपण मराठीत प्रमाणपत्र द्यावे. त्यात बारावे कुळ, तिसरे प्रथिन असे ठळक लिहावे आणि शिक्का शिबिरवाल्यांपेक्षा मोठा असावा. ते जमत नसल्यास सासूबाईंना फोनवर एकदा रागवावे, त्या साहेब लोकांना भितात. तेही जमत नसल्यास वस्तीवर येऊन सगळ्यांदेखत माझ्या ताटातला एक घास खावा. खारट लागेल, पण काही होत नाही.

६) यातले काहीच नियमात बसत नसेल, तर जिल्ह्यात याच कुळाच्या बिघाडाचा दुसरा रुग्ण असल्यास त्याला अहवालावरचा माझा नंबर द्यावा. बाई असो, बाप्या असो, कोणत्याही जातीचा असो. भाकरी मीच बांधून आणीन, त्याने फक्त माझ्या शेजारी बसून जेवावे.

सोबत : अहवालाची झेरॉक्स, कार्डाचा मोबाईलवर काढलेला फोटो.

दि. १९ ऑगस्ट २०२५

आपल्या उत्तराकडे डोळे लावून बसलेली,
रागिणी संतराम गडदे