हाक मारणारं भगदाड

द्रोणागिरी,
जानेवारी १९९६

तीर्थरूप आईस, धनाजीचा पायांवर डोकं ठेवून नमस्कार.

मी खुशाल आहे. जेवणखाण वेळेवर होतं.

आमच्या गोदामामागच्या डोंगरात एक भगदाड आहे. ते मेलेल्या माणसांच्या आवाजात हाक मारतं आणि ओ देणारा आत चालत जातो, असं इथले गाववाले सांगतात. मी ते हसण्यावारी नेलं होतं.

काल दुपारी तिथून हाक आली, "धना, जेवलास का रं?" माझे पाय आपोआप तिकडं निघाले. सोबतच्या कुलदीपनं कमरेला मिठी मारून मला मागं ओढलं. "ओ देऊ नको," एवढंच तो म्हणत राहिला.

आई, आवाज तुझा होता. तू बरी आहेस ना? धाकट्या वैष्णवीकडून लगेच दोन ओळी लिहून घेऊन पाठव.

तुझ्या उत्तराकडं डोळे लावून बसलेला,
धनाजी