शेवटच्या फेरीतली एक जागा

३ सप्टेंबर

अर्ज ठोकला! फार्मसी कॉलेजात शेवटच्या फेरीला एक जागा उरली होती. यादी लावलीच नाही. संचालकाच्या भाचीला, स्वराला, फोन करून बोलावलं आणि जागा देऊन टाकली. आमची दिशा बारावीचे एकाहत्तर टक्के घेऊन घरात! आता कळेल त्यांना, गाठ कोणाशी आहे.

माहितीच्या अधिकारात एकच प्रश्न — प्रवेश मिळालेल्या मुलीचे गुण किती? प्रश्न छोटा, पळवाट बंद. नवापुरात गटार, दिवाबत्ती, रस्ता, सगळ्यांवर माझे अर्ज आहेत. गटार अजून तुंबलेलंच आहे, ती गोष्ट वेगळी.

१२ सप्टेंबर

विजया म्हणते, "अर्ज करत बसण्यापेक्षा पोरीला दुसरीकडे धाडली असती." बायकोला कायदा कळत नाही. मलाही फारसा कळत नाही, पण मी चष्मा लावून वाचतो, त्यामुळे छाप पडते.

४ ऑक्टोबर

उत्तर आलं. अठ्ठावन्न टक्के! अठ्ठावन्न!! सेकंड शिफ्टला अख्ख्या कंपनीला कागद दाखवला. मिथुन म्हणाला, "शैलेशभाऊ, तुमी वकीलच व्हायला पायजे होता." मी नको-नको म्हणत आणखी दोघांना ऐकवलं. तक्रार प्रवेश प्राधिकरणाकडे रवाना.

२१ ऑक्टोबर

सुनावणी. इस्त्रीचा शर्ट घालून मुंबईला. "नातं बघून नाही, गुण बघून जागा द्या, मॅडम!" आवाज जरा फाटला. तरी मॅडमनी मान डोलावली. कॉलेजचा वकील खाली बघत होता. खरं सांगायचं तर स्वतःवर बेहद्द खूश आहे.

२५ ऑक्टोबर

जिंकलो! स्वराचा प्रवेश रद्द. जागा गुणवत्तेत सर्वांत पुढे असलेल्या अर्जदाराला — मोनाली, मनोरकडच्या एका पाड्यावरची. चौऱ्याहत्तर टक्के.

कोण ही मोनाली? प्राधिकरणाने अर्ज केलेल्या सगळ्यांचे गुण मागवले. मी फक्त प्रवेश मिळालेलीचे मागितले होते. केवढा हुशार मी!

तिने २९ला संध्याकाळी पाचपर्यंत हजर व्हायचं. नाही झाली तर जागा पुढच्या नंबराला, म्हणजे दिशाला. कॉलेजवाले म्हणतात, तिचा फोन लागत नाही. ते परत लावणार नाहीत, मी त्यांना ओळखतो.

घरी सांगितलं, निकाल दिवाळीनंतर. आदेश डब्याच्या पिशवीत.

२७ ऑक्टोबर

दिशा म्हणाली, "पप्पा, काय लपवताय? का मीपण अर्ज करू, माहितीच्या अधिकारात?" मी खो-खो हसलो. एकटाच.

जेवण गेलं नाही. गावभर पारदर्शकता शिकवत फिरणारा माणूस घरात पिशवी कवटाळून बसलाय. लाज वाटते. तरी सांगितलं नाही. मला ती जागा माझ्या पोरीसाठी हवी आहे, बस्स!

२८ ऑक्टोबर

राहवलं नाही. आदेश दिशाच्या पुढ्यात ठेवला. विजया म्हणाली, "एकच दिवस ऱ्हायलाय. गप बसा ना. आपण काय त्या पोरीला कोंडून ठेवलीय?" मला ते पटलंसुद्धा! दिशाने कागद दोनदा वाचला आणि भांडी घासायला गेली.

२९ ऑक्टोबर

रिक्षात लिहितोय. शिफ्ट अर्धी टाकून निघालो. दिशाचा फोन आला, कॉलेजातून. मला वाटलं, मिळाली जागा!

"पप्पा, मी सकाळीच पाड्यावर गेलेली. मोनालीची आई म्हणाली, पोर बोईसरला हाय, पॅकिंगच्या कामाला. तिला घेऊन कॉलेजात आलेय. तिला कोणी कळवलाच नव्हता! आणि क्लार्क म्हणतो, साहेब नाय, उद्या या. तुमी लवकर या. तुमच्यासारखा भांडता येत नाय मला."

पाचला वेळ आहे अजून. माझ्याच पोरीची जागा घालवायला निघालोय, आणि रिक्षावाल्याला ओरडतोय — "भैया, जल्दी!"